जुन्या इमेज-इफेक्टच्या डीएलएल नव्या विंडोजवर: कुठली फाईल कुणाची, आणि ती हलवायची का

प्रश्न थोडक्यात असा. बडोद्यात दांडिया बाजारातला एक फोटो स्टुडिओ. विंडोज ७चा ३२-बिट पीसी शेवटच्या घटका मोजतोय, त्याच्या जागी विंडोज ११ आलाय. जुन्या डिस्कवरचे फोल्डर उचलून जसेच्या तसे नव्यावर टाकले आणि तीन कामं अडली. २००३-०४च्या सुमाराला गिऱ्हाइकांना करून दिलेल्या लग्नाच्या सीडी, म्हणजे एचटीएमएलमधली फोटो गॅलरी, पहिल्याच फोटोवर थांबते. फोटोशॉप ७मध्ये चालणारे जुने फिल्टर नव्या फोटोशॉपच्या मेनूत दिसत नाहीत. आणि व्हिज्युअल बेसिक ६मध्ये लिहून घेतलेला ओळखपत्रांचा प्रोग्रॅम उघडतानाच एरर देतो. एका जाणत्याने सल्ला दिला आहे: नेटवरून डीएक्सट्रान्स.डीएलएल (डीएलएल म्हणजे प्रोग्रॅम चालताना वापरतात ती कोडची फाईल) उतरवा, विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरात टाका आणि वर डायरेक्टएक्स, म्हणजे गेमच्या ग्राफिक्सचं पॅकेज, बसवा. हे करावं का?

करू नका. तिन्ही बिघाडांची कारणं वेगळी आहेत, आणि सांगितलेली फाईल तर नव्या पीसीवर आधीच आहे. डीएलएल सापडत नाही असा संदेश आला की ती कुठे मिळेल हे शोधण्याआधी ती कुणाची आहे हे ठरवा. विंडोजची असेल तर विंडोजच ती दुरुस्त करेल. एखाद्या प्रोग्रॅमची असेल तर त्याच प्रोग्रॅमच्या सेटअपमधून ती यायला हवी. सुट्ट्या डीएलएल वाटणाऱ्या साइटवरून आलेली फाईल कुठल्या आवृत्तीची, किती बिटची आणि आत काय घालून आलेली, याला कुणाचीच हमी नसते. ती सिस्टम फोल्डरमध्ये गेली की मग खरा दोष आणि नवा दोष वेगळे काढणं फार अवघड होतं.

आधी फोल्डरांचा घोळ समजून घ्या, कारण निम्मे बिघाड तिथेच होतात. ६४-बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४-बिट फायली असतात आणि ३२-बिट फायली सिसवॉव६४ या फोल्डरात. नावं उलटी वाटतात, पण जुन्या प्रोग्रॅमांनी लिहून ठेवलेले पत्ते मोडू नयेत म्हणून ती तशी आहेत. तुमच्या जुन्या पीसीवर सगळंच ३२-बिट होतं, त्यामुळे तिथल्या सिस्टम३२मधली फाईल नव्या पीसीच्या सिस्टम३२मध्ये टाकली तर ती चुकीच्या घरात जाते. ३२-बिट प्रोग्रॅमला ६४-बिट डीएलएल किंवा त्याउलट मिळाली की ०एक्ससी०००००७बी ही एरर येते. हा आकडा दिसला की फाईल हरवलेली नाही, बिट जुळत नाहीत, हे ओळखा.

आता डीएक्सट्रान्स. ही आणि हिची जोडीदार डीएक्सटीएमएसएफटी.डीएलएल या इंटरनेट एक्सप्लोररच्या चित्र-इफेक्टच्या फायली आहेत. पहिलीत इफेक्ट चालवणारा गाभा, दुसरीत प्रत्यक्ष इफेक्ट: धूसर करणं, फिरवणं, लाट आणणं, एका चित्रातून दुसऱ्यात विरघळणं. पानावरच्या चित्राला असे फिल्टर लावायची सोय इंटरनेट एक्सप्लोरर ४पासून, म्हणजे १९९७पासून आली. ‘डीएक्स-इमेज-ट्रान्सफॉर्म-मायक्रोसॉफ्ट’ असं लांबलचक नाव लिहायची पद्धत ५.५ या आवृत्तीत, २००० साली आली. नावात डीएक्स असलं तरी डायरेक्टएक्सच्या सेटअपमधून या फायली येत नाहीत. जून २०१०चं डायरेक्टएक्स पॅकेज डी३डीएक्स९ वगैरे गेमला लागणाऱ्या फायली देतं. ते बसवून तुमची गॅलरी तसूभरही पुढे सरकणार नाही.

फाईल खरंच बिघडली असेल अशी शंका असेल तर कमांड प्रॉम्प्ट अॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा. एसएफसी या विंडोजच्या फायली तपासणाऱ्या कमांडला ‘व्हेरिफायफाईल’ हा पर्याय आणि फाईलचा पूर्ण पत्ता द्या, ती एकट्या फाईलची तपासणी करून सांगते. दोष निघाला तर आधी डिझम ही कमांड चालवा, ‘ऑनलाइन, क्लीनअप-इमेज, रिस्टोअरहेल्थ’ या पर्यायांसह, आणि मग एसएफसी स्कॅननाऊ. क्रम उलटा करू नका: एसएफसी दुरुस्तीचा माल विंडोजच्या स्वतःच्या साठ्यातून घेते, आणि तो साठा नीट करायचं काम डिझमचं. एक इशारा. प्रॉपर्टीजमध्ये ‘डिजिटल सिग्नेचर’ हा टॅब दिसला नाही म्हणून फाईल बनावट ठरवू नका. विंडोजच्या बऱ्याच फायलींची सही वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते, फाईलमध्ये नसते.

मग गॅलरी का अडते? त्या काळच्या गॅलरीची स्क्रिप्ट साधारण तीन पावलांची असते. चित्राच्या ‘फिल्टर्स’ यादीतल्या पहिल्या फिल्टरला ‘अप्लाय’ सांगायचं, त्यामुळे जुनं चित्र गोठतं. मग चित्राचा पत्ता बदलायचा. मग ‘प्ले’ सांगायचं, की जुनं चित्र नव्यात विरघळतं. आजच्या ब्राउझरमध्ये चित्राला ‘फिल्टर्स’ अशी यादीच नसते. त्यामुळे स्क्रिप्ट पहिल्या पावलावरच एरर देऊन थांबते आणि पत्ता बदलायची ओळ कधी चालतच नाही. म्हणून इफेक्ट तर जातोच, पुढचा फोटोही येत नाही. फोटो सगळे सीडीवर शाबूत असतात. एज किंवा क्रोममध्ये एफ१२ दाबून कन्सोल पाहा, ती एरर तिथे लाल अक्षरांत दिसेल.

इंटरनेट एक्सप्लोररमध्येसुद्धा १०व्या आवृत्तीपासून नेहमीच्या मोडमधून हे फिल्टर काढून टाकले. ९ किंवा त्याखालच्या डॉक्युमेंट मोडमध्येच ते उरले. आणि तो ब्राउझर स्वतः विंडोज १०वर जून २०२२मध्ये निवृत्त झाला, विंडोज ११मध्ये तर आलाच नाही. आतलं इंजिन मात्र विंडोजमध्ये आहे आणि एजचा आयई मोड, म्हणजे एजमध्येच इंटरनेट एक्सप्लोररसारखं पान उघडायची सोय, त्यावरच चालतो. हा मोड किमान २०२९पर्यंत ठेवू असं मायक्रोसॉफ्टने जाहीर केलं आहे.

गॅलरी सर्व्हरवर असेल तर एजच्या सेटिंगमध्ये ‘डिफॉल्ट ब्राउझर’ या पानावर आयई मोडमध्ये रीलोड करायला परवानगी द्या, एज बंद करून पुन्हा उघडा आणि तीन टिंबांच्या मेनूतून पान आयई मोडमध्ये रीलोड करा. त्याच सेटिंगमधल्या आयई मोडच्या यादीत टाकलेलं पान ३० दिवस टिकतं, मग पुन्हा टाकावं लागतं. एवढं करून फोटो बदलले पण इफेक्ट दिसला नाही, तर दोन जागा तपासा. पानाच्या सुरुवातीला कंपॅटिबिलिटीचा मेटा टॅग ९ किंवा खालच्या आवृत्तीवर आहे का? तो टायटल आणि इतर मेटा टॅग सोडून सगळ्याच्या आधी यावा लागतो, मध्ये स्टाइल किंवा स्क्रिप्ट आली की त्याचा उपयोग नाही. दुसरी जागा कंट्रोल पॅनेलमधल्या इंटरनेट ऑप्शन्सची. तिथे सिक्युरिटीखाली ‘रेंडर लेगसी फिल्टर्स’ नावाचं सेटिंग असतं. इंटरनेट झोनमध्ये ते मुळातच बंद असतं आणि तसंच राहू द्या. तुमचा पत्ता ‘ट्रस्टेड साइट्स’मध्ये घाला. पत्ता साधा एचटीटीपीचा असेल तर तिथली ‘सर्व साइटना एचटीटीपीएस हवं’ ही खूण आधी काढावी लागते, नाहीतर तो स्वीकारलाच जात नाही.

तुमच्या सीडी मात्र डिस्कवरून थेट उघडायच्या आहेत, त्यांना सोपी वाट आहे. आधी सगळी सीडी हार्ड डिस्कवर कॉपी करा. वीस वर्षं जुन्या रेकॉर्डेबल सीडीचा थर उतरत असतो, वाचायला लागलेली चकती पुन्हा वाचली जाईलच असं नाही, म्हणून हे काम आजच करा. मग मुख्य पानाची आणखी एक प्रत करून तिचं एक्स्टेंशन एचटीए करा. डबल क्लिक केलं की ते पान ब्राउझरमध्ये न जाता एमएसएचटीए या विंडोजच्या प्रोग्रॅममध्ये उघडतं, जुन्या इंजिनावर, ७व्या आवृत्तीच्या मोडमध्ये, आणि विरघळणारे फोटो पुन्हा विरघळायला लागतात. पण एचटीएला ब्राउझरची कुठलीच बंधनं नसतात, तिला प्रोग्रॅमइतके अधिकार मिळतात. म्हणून ही युक्ती फक्त तुमच्या स्वतःच्या, बाहेरचा एकही दुवा नसलेल्या पानांसाठी वापरा, आणि गिऱ्हाइकाला एचटीए पाठवू नका. अँटिव्हायरस ती अडवतो आणि ते बरोबरच आहे. स्क्रिप्ट व्हीबीस्क्रिप्टमध्ये असेल तर तीही फार दिवसांची सोबती नाही, मायक्रोसॉफ्टने २०२४मध्ये तिला टप्प्याटप्प्याने काढायचं जाहीर केलं आहे.

म्हणून एचटीए ही पाहून घेण्यापुरती सोय. ज्या गॅलऱ्या जपायच्या आहेत त्या आजच्या सीएसएसमध्ये, म्हणजे पानाचं रूप ठरवणाऱ्या भाषेत, उतरवा. काम वाटतं तेवढं मोठं नाही, कारण एका स्टुडिओच्या सगळ्या सीडी बहुधा एकाच साच्यातून निघालेल्या असतात. साचा बदलला की फोटोंच्या फोल्डरांना हात लावावा लागत नाही. पण शब्दाला शब्द ठेवून चालत नाही, काही ठिकाणी आकड्यांचा अर्थच बदलतो.

अल्फा फिल्टरमध्ये ऑपॅसिटी ० ते १०० असते, सीएसएसमध्ये ० ते १. जुने ७० तसेच लिहिले तर ब्राउझर ते १ धरतो आणि चित्र पूर्ण अपारदर्शक दिसतं, ०.७ लिहा. ग्रेडियंटमधला रंग आठ आकड्यांचा असतो आणि जुन्या पद्धतीत पहिले दोन आकडे पारदर्शकतेचे. सीएसएसमध्ये ते शेवटी जातात. फोटोच्या तळाशी नावांमागे अर्धपारदर्शक काळी पट्टी असायची, तिचा रंग #८०००००००. तो तसाच उचलला तर आजचा ब्राउझर तो ‘गडद लाल, पण पूर्ण पारदर्शक’ असा वाचतो आणि पट्टी नाहीशी होते. तो #००००००८० असा लिहायला हवा. एररही येत नाही, त्यामुळे हा दोष शोधताना फार वेळ जातो.

फिरवण्याचं वेगळंच. बेसिक-इमेज फिल्टरमध्ये रोटेशन १ म्हणजे ९० अंश, २ म्हणजे १८०, ३ म्हणजे २७०. तिथे फिरवल्यावर चित्राची जागाही फिरते, उभ्या चित्राला उभी जागा मिळते. सीएसएसच्या ट्रान्सफॉर्ममध्ये चित्र फिरतं पण पानावरची त्याची जागा आडवीच राहते, म्हणून ते शेजारच्या मजकुरावर चढतं. चित्राला बाहेरून एक चौकट द्या आणि तिची लांबी-रुंदी आपल्या हाताने अदलाबदल करा. मॅट्रिक्स फिल्टर वापरून तिरके केलेले फोटो असतील तर आणखी एक फरक पडतो: तिथे ‘ऑटो एक्स्पांड’ असेल तर वरचा डावा कोपरा धरून चौकट वाढते, सीएसएस मात्र मध्यबिंदूभोवती फिरवतं.

ट्रान्झिशनमधलं फेड हे ऑपॅसिटीच्या बदलाने होतं. वाइप आणि आयरिस क्लिप-पाथने, पहिल्याला इनसेट आणि दुसऱ्याला सर्कल. एम्बॉस आणि आडवा मोशन ब्लर एसव्हीजी फिल्टरने जमतो. क्रोमाला, म्हणजे एक रंग पारदर्शक करण्याला, सीएसएसमध्ये सरळ पर्याय नाही. ते चित्र एकदाच पीएनजी करून टाका. ‘रिव्हील ट्रान्स’मध्ये ट्रान्झिशन २३ दिलेलं असेल तर ते ‘कुठलंही एक’ असं होतं, त्याच्या जागी दोन-तीन साधे प्रकार ठेवले तरी पाहणाऱ्याला तोच भास होतो. पीएनजीसाठी वापरलेला अल्फा इमेज लोडर तर सरळ काढून टाका. तो आयई ६ला पारदर्शक पीएनजी कळत नव्हती म्हणून होता. काढताना चित्राचा पत्ता तपासा: त्या फिल्टरमधला पत्ता एचटीएमएल पानापासून मोजला जायचा, सीएसएसमधला पत्ता सीएसएस फाईलपासून मोजला जातो.

हे करतानाच नावांकडे लक्ष द्या. त्या काळात वधूवरांची नावं मराठीत असोत की गुजरातीत, बहुतेक वेळा युनिकोडपूर्व फॉन्टमध्ये टाइप केलेली असायची. फॉन्ट नसला की त्यांची जागा विचित्र चिन्हं घेतात. कन्व्हर्टरने युनिकोड करून घ्या आणि मग एकेक नाव डोळ्यांनी वाचा, रफार आणि जोडाक्षरांत कन्व्हर्टर चुकतात. नाव चुकलेली गॅलरी गिऱ्हाइकाच्या हातात द्यायची नाही.

फोटोशॉपचे फिल्टर ही निराळी जात. ८बीएफ एक्स्टेंशनची फाईल खरं तर डीएलएलच असते आणि ३२-बिट ८बीएफ ६४-बिट फोटोशॉपमध्ये लोड होत नाही. एररही येत नाही, मेनूत नाव नसतं एवढंच. विंडोजसाठी ६४-बिट फोटोशॉप सीएस४पासून आलं, त्यामुळे त्याआधीचे सगळे फिल्टर ३२-बिटच. नव्या पीसीवर ते पेंट डॉट नेटमध्ये पीएसफिल्टरपीडीएन हे प्लगइन घालून वापरता येतात, ते ३२-बिट फिल्टरना वेगळ्या प्रक्रियेत चालवतं. इरफानव्ह्यूची ३२-बिट आवृत्तीही चालते. फिल्टर दिसतोय पण फिकट असेल तर चित्राचा मोड पाहा, जुने फिल्टर बहुतेक ८-बिट आरजीबीवरच काम करतात.

यातले काही फिल्टर अडोबीच्या ‘फिल्टर फॅक्टरी’ने बनवलेले असतात. ते ओळखायला सोपे: ० ते २५५चे जास्तीत जास्त आठ स्लायडर आणि आत लाल, हिरवा, निळा, अल्फा यांची एकेक सूत्ररूप ओळ. असे फिल्टर प्लगइन.डीएलएल आणि एमएसव्हीसीआरटी१०.डीएलएल मागतात. याच ठिकाणी लोक पुन्हा डीएलएलच्या साइटकडे वळतात. त्याची गरज नाही. ‘फिल्टर फाउंड्री’ हे मुक्त प्लगइन ६४-बिटमध्ये मिळतं आणि जुन्या फिल्टरमधली सूत्रं थेट वाचतं.

ओळखपत्रांचा प्रोग्रॅम. व्हीबी ६चा (व्हिज्युअल बेसिक ६चा) रनटाइम, म्हणजे त्यातले प्रोग्रॅम चालवणाऱ्या फायली, विंडोज ११मध्ये आहे, तो जुन्या पीसीवरून आणू नका. ३३९ नंबरची एरर म्हणजे ओसीएक्स फाईल (प्रोग्रॅमला लागणारा तयार घटक) नाही किंवा विंडोजमध्ये नोंदलेली नाही. ४२९ म्हणजे घटक तयार होत नाही, याचं कारणही बहुतेकदा नोंदणीच. मूळ सेटअप असेल तर तोच चालवा. सेटअप १६-बिट असेल तर ६४-बिट विंडोज तो घेणारच नाही. अशा वेळी संदेशात नाव आलेली तेवढीच ओसीएक्स जुन्या पीसीवरून घ्या, सिसवॉव६४मध्ये ठेवा आणि अॅडमिनिस्ट्रेटर कमांड प्रॉम्प्टमधून सिसवॉव६४मधल्याच रेगएसव्हीआर३२ने नोंदवा.

संदेशात नाव येत नसेल तर सिसइंटर्नल्सचा प्रोसेस मॉनिटर घ्या. प्रोसेसचं नाव तुमच्या प्रोग्रॅमचं, पाथचा शेवट डीएलएल किंवा ओसीएक्स असे फिल्टर लावा आणि प्रोग्रॅम उघडा. यादी लांब येईल, घाबरू नका. विंडोज एकच फाईल चार ठिकाणी शोधते, तीन ठिकाणी नसणं नेहमीचंच. एररच्या जरा आधी जिच्या नावापुढे रिझल्ट ‘नेम नॉट फाउंड’ दिसतो आणि कुठेच ‘सक्सेस’ येत नाही, ती फाईल तुम्हाला हवी आहे.

प्रोग्रॅमच्या फोल्डरात जीडीआयप्लस.डीएलएलची, म्हणजे चित्रं उघडणाऱ्या विंडोजच्या फाईलची, स्वतंत्र प्रत असेल तर तिचं नाव बदलून पाहा. विंडोज एक्सपीपासून ही फाईल विंडोजमध्येच असते. सप्टेंबर २००४मध्ये तिच्यातला गंभीर दोष उघड झाला होता, नुसता जेपीईजी उघडल्याने पीसी ताब्यात जाण्याइतका, आणि प्रोग्रॅमांनी सोबत आणलेल्या प्रती विंडोज अपडेटने बदलत नाहीत.

प्रोग्रॅम सुरू झाल्यावर फोटो उघडताना ‘मेमरी अपुरी’ असं आलं तर रॅम घ्यायला धावू नका. जीडीआयप्लसला चित्राचा प्रकार ओळखता आला नाही की बहुतेकदा हाच संदेश येतो. आयफोनची एचईआयसी फाईल कुणीतरी नाव बदलून जेपीजी करून पाठवते, तिथे हमखास. ती खरोखरच्या जेपीईजीमध्ये बदलून घ्या. मोबाईलचे फोटो आडवे येत असतील तर प्रोग्रॅम एक्झिफमधला (फोटोच्या फाईलमध्ये कॅमेऱ्याने लिहिलेल्या माहितीतला) २७४ क्रमांकाचा टॅग वाचत नाही. त्यात ६ असेल तर फोटो ९० अंश उजवीकडे फिरवायचा असतो. आणि फिरवून सेव्ह करताना लांबी-रुंदी १६ने पूर्ण भागली जात असेल तरच जेपीईजीचा दर्जा अजिबात न घसरता फिरतो. ३०७२ × २०४८ चालतो. २५९२ × १९४४ नाही, कारण १९४४ला १६ने भागलं की १२१.५ येतात. असे फोटो मूळ प्रतीवरून एकदाच फिरवा, पुन्हा पुन्हा नाही.

सेव्ह केलेलं ओळखपत्र फोल्डरात दिसत नाही अशी तक्रार पुढे येईलच. प्रोग्रॅम ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये लिहायला जातो, विंडोज त्याला तिथे लिहू देत नाही आणि फाईल गुपचूप वापरकर्त्याच्या अॅपडेटा, लोकल, व्हर्च्युअलस्टोअर या फोल्डरात ठेवते. प्रोग्रॅम सी ड्राइव्हवर स्वतःच्या साध्या फोल्डरात हलवा, प्रश्न मिटतो.

यातलं काही करण्याआधी जुनी डिस्क चालू आहे तोवर सिसइंटर्नल्सच्या डिस्क२व्हीएचडीने तिची पूर्ण प्रतिमा बाहेरच्या डिस्कवर काढून घ्या. नव्या पीसीवर काहीच जमलं नाही तर ती प्रतिमा व्हर्च्युअलबॉक्समध्ये उघडता येते. त्या व्हर्च्युअल पीसीचं नेटवर्क बंद ठेवा, कारण विंडोज ७ला जानेवारी २०२०पासून सर्वसाधारण सुरक्षा अपडेट मिळत नाहीत, आणि फायलींची ने-आण एका सामायिक फोल्डरातून करा. पीसीसोबत आलेलं ओईएम लायसन्स त्या पीसीपुरतंच असतं, त्यामुळे रोजच्या कामाला हा मार्ग ठेवायचा तर वेगळं लायसन्स लागेल.